कादंबरीतली ज्ञान जपणारी अकादमी नुसतं गोदाम वाटतेय, मदत हवीय

निळी_शाई
नमस्कार मंडळी. गेली दीड वर्षं एक अद्भुत प्रकारातली कादंबरी लिहितेय (कितवा ड्राफ्ट ते विचारू नका). त्यात एक अकादमी आहे, डोंगरात, नऊशे वर्षं जुनी, आणि तिचं काम एकच, जे ज्ञान कधी शिळं होत नाही ते जपून ठेवायचं. फाईलमध्ये मी तिला 'अक्षरपीठ' म्हणते, अक्षर म्हणजे जे झिजत नाही ते, म्हणून. सात दालनं, प्रत्येकाची किल्ली वेगळी, पांढऱ्या कफन्या घातलेले राखणदार, तळघरात एक ग्रंथ जो शंभर वर्षांतून एकदाच उघडतात वगैरे सगळा सरंजाम आहे.

परवा बहिणीला पहिली पाच प्रकरणं वाचायला दिली. म्हणाली, छान आहे गं, पण ही माणसं दिवसभर करतात काय? मी उत्तर द्यायला तोंड उघडलं आणि मिटलं. खरंच काय करतात? धूळ झटकतात, किल्ल्या वाजवत फिरतात आणि अधूनमधून नायिकेला गूढ काहीतरी बोलतात. बस.

तर प्रश्न असा की अशी संस्था खरोखर नऊशे वर्षं टिकायची तर तिचं रोजचं काम काय असेल, ज्ञान कशावर ठेवलं असेल, आणि मुख्य म्हणजे भांडणं कशावरून होत असतील, कारण भांडणाशिवाय संस्था मला तरी माहीत नाही. कुणाला काही सुचलं तर लिहा, इकडचं तिकडचं चालेल.

टवाळ_कार्टं
शंभर वर्षांतून एकदा उघडणारा ग्रंथ म्हणजे आमच्या ऑफिसातलं हँडओव्हर डॉक्युमेंट. उघडलं की आत एकच ओळ, 'अधिक माहितीसाठी अमुकना विचारा', आणि अमुकना नोकरी सोडून चार वर्षं झालेली.

बाकी धागा आवडला, वाचतोय.

मूषकराज
ताई सगळ्यात आधी त्या किल्ल्या फेकून द्या. एकच प्रत आणि तीही कुलपात, ही ज्ञान जपायची नाही, घालवायची पद्धत आहे. चीनमध्ये मिंग सम्राट योंगलनं एक ज्ञानकोश करून घेतला, १४०८ साली पूर्ण झाला, ११,०९५ खंड, सगळा हाती लिहिलेला. आणि प्रत एकच! दीडशे वर्षांनी राजवाड्यात आग लागली तेव्हा थोडक्यात वाचला, मग घाबरून दुसरी प्रत करायला घेतली. आज मूळ प्रतीचा पत्ता नाही आणि दुसरीचे जेमतेम चारशे खंड जगभर विखुरलेत. एवढा अवाढव्य खटाटोप आणि हातात चार टक्क्यांच्या आसपास.

दुसरं म्हणजे माध्यम. ब्रिटनमध्ये १०८६ साली जमीनजुमल्याची एक नोंदवही केली, डोम्सडे बुक, कातड्यावर लिहिलेली, ती आजही वाचता येते. तिला ९०० वर्षं झाली म्हणून १९८६ मध्ये बीबीसीनं तिचा आधुनिक अवतार लेझर डिस्कवर काढला. पंधरा-सोळा वर्षांत त्या डिस्क वाचणारं यंत्रच मिळेना, मग खास खटपट करून माहिती सोडवावी लागली. डिस्क ठणठणीत होती बरं का, तिला वाचणारं कुणी उरलं नव्हतं.

मला हा झटका घरातच बसलाय. आईनं युनिकोड (सगळ्या फाँटना चालणारे अक्षरांचे एकसारखे क्रमांक) यायच्या आधीच्या काळात तिच्या मावशीच्या आठवणी ऐकून कॉम्प्युटरवर टाइप केल्या होत्या, चाळीसेक पानं. फाईल मी तीन ठिकाणी बॅकअप करून ठेवलेली, एकदम शहाण्यासारखी. मागच्या वर्षी उघडली तर सगळीकडे कंस, डॉलर, टिंबं, उलटे स्वल्पविराम. अक्षरं तिथेच आहेत पण कुठल्या फाँटमध्ये टाइप केलं ते आईला आठवत नाही. मग एक जुनी प्रिंट सापडली अर्ध्या पानाची, ती शेजारी ठेवून कुठलं चिन्ह म्हणजे कुठलं अक्षर असा तक्ता बनवत बसलो. वेलांटी आधी टाइप केलीय की नंतर यातच दोन रविवार गेले. तुमच्या अकादमीत एक दालन फक्त या तक्त्यांचं ठेवा.

जुनं_पान
मूषकराज, प्रती जास्त म्हणजे ज्ञान सुरक्षित, हे अर्धंच खरं. मी हस्तलिखितांवर थोडंफार काम केलंय म्हणून सांगतो.

आधी एक गंमत. निनवे शहरात असुरबनिपाल राजाचा संग्रह होता, मातीच्या पाट्यांवर कोरलेला. इसवी सनपूर्व ६१२ मध्ये शत्रूनं शहर जाळलं. कागद असता तर विषय संपला होता, पण माती आगीत भाजली आणि पक्की झाली. आज ब्रिटिश म्युझियममध्ये तिथल्या तीस हजारांच्या आसपास पाट्या आणि तुकडे आहेत. तेव्हा शाईताई, तुमच्या कादंबरीत आग लागणार असेलच (लागणारच, अशा कादंबऱ्यांत लागतेच) तर ती जरा विचार करून लावा.

आता प्रतींचं. प्रत्येक नक्कल म्हणजे नवी चूक. लेखनिक मूळ पोथीत एक ओळ बघतो, मान वळवून लिहितो, परत मूळ पोथीकडे बघतो आणि मघाशी ज्या शब्दावर थांबला होता तो शब्द शोधतो. आता समजा तोच शब्द दोन ओळी खालीही आलाय. नजर तिथे पडते आणि मधल्या दोन ओळी गायब. लेखनिकाला पत्ताच नाही, कारण वाक्य तर बरोबर जुळलेलं दिसतं! दोन ओळींचा शेवट एकाच शब्दानं होत असेल तर तिथे हमखास खड्डा. आणि याहून वाईट म्हणजे हुशार लेखनिक. मठ्ठ माणूस जे दिसेल ते उतरवतो, हुशार माणसाला अवघड शब्द दिसला की वाटतं ही आधीच्याची चूक, आणि तो सोपा शब्द घालतो. म्हणून मूळ पाठ, म्हणजे मूळ मजकूर, ठरवताना साधारण नियम असा की दोन पोथ्यांत दोन वेगळे शब्द असतील तर त्यातला अवघड तो बहुधा जुना. सोप्याचं अवघड सहसा कुणी करत नाही.

बहीण विचारते दिवसभर करतात काय, तर हे करतात. भांडारकर संस्थेत महाभारताची चिकित्सक आवृत्ती १९१९ ते १९६६ चालली होती, १२५९ हस्तलिखितं तपासली. एकेका श्लोकाला एक तक्ता, वर श्लोक अक्षर अक्षर सुटं करून लिहिलेला, खाली प्रत्येक पोथीत त्या जागी काय आहे त्याची नोंद, कागदच्या कागद. सुरुवात करणारे सगळे शेवट बघायला उरले नाहीत. यापेक्षा जास्त गूढ आणि कंटाळवाणं काम मला माहीत नाही, आणि हे मी कौतुकानंच म्हणतोय.

ढगाळ_दुपार
तुम्ही सगळे मिळून बिचारीच्या अकादमीतली जादू काढून टाकताय. तक्ते आणि फाँट! मला वाचक म्हणून किल्ल्या हव्यात, तळघर हवं, कफन्या तर हव्यातच. शाई, अजिबात ऐकू नकोस.

पाठांतर_शत्रू
(आयडीवर जाऊ नका, लहानपणी ठेवलाय.)

कागद, माती, डिस्क सगळं झालं, डोक्याचं काय? वेदपठणाच्या पद्धती बघा. सरळ संहिता पाठ, मग पदपाठ म्हणजे संधी सोडवून शब्द सुटे, मग क्रम, जटा, आणि सगळ्यात किचकट घन. घनपाठात शब्द असे येतात, एक-दोन, दोन-एक, एक-दोन-तीन, तीन-दोन-एक, एक-दोन-तीन. मग दोनपासून पुन्हा तसंच. एक शब्द इतक्या वेळा, इतक्या बाजूंनी, मागचा पुढचा संधी बदलत येतो की मधला शब्द गाळायचा म्हटलं तरी गाळता येत नाही, लगेच ठेच लागते. मूषकराजांच्या भाषेत चेकसम, म्हणजे मजकूर बिघडला की लगेच कळावं म्हणून ठेवलेली पडताळणी, फक्त हजारो वर्षं आधीचा आणि वीज न लागणारा. वर जुन्या पानानं सांगितलेला नजर घसरण्याचा खड्डा इथे नाहीच, कारण नजरेचं कामच नाही.

शाई, तुझ्या अकादमीत ग्रंथ ठेवूच नकोस. सात दालनांत सात माणसं बसव. ग्रंथ उघडायचा म्हणजे माणसाला बोलतं करायचं.

निळी_शाई
@पाठांतर_शत्रू हे भारी आहे! शंभर वर्षांतून एकदा उघडणारा ग्रंथ म्हणजे आयुष्यात एकदाच बोलणारी म्हातारी. आत्ताच लिहून ठेवलं.
@ढगाळ_दुपार कफन्या राहतील, शब्द देते.

भंगार_मेकॅनिक
पाठांतर छान आहे पण शब्द न शब्द बरोबर आणि अर्थ कुणालाच माहीत नाही असं झालं तर काय उपयोग? मला वाटतं तुम्ही सगळे ज्ञान म्हणजे मजकूर असं धरून चाललाय. माझा अनुभव सांगतो, जरा लांब होईल.

मी पूर्वी एका वर्कशॉपमध्ये होतो, नाव नको. तिथे एक जुनं ग्राइंडिंग मशीन होतं, माझ्यापेक्षा वयानं मोठं. त्यावर एकच काका काम करायचे. काका रिटायर व्हायच्या आधी साहेबांनी व्यवस्थित सगळं लिहून घेतलं, फीड किती, व्हील कुठलं, कूलंट किती, ड्रॉइंग होतीच, पूर्ण फाईल लॅमिनेट करून मशीनला लटकवली. काका गेले आणि आठवड्यात जॉब टेपर यायला लागला. एका टोकाला वीस मायक्रॉन जास्त. बेअरिंग बदललं, अलाइनमेंट केली, बाहेरून माणूस आणला, काही नाही. शेवटी मी काकांना फोन केला. ते म्हणाले, मागच्या डाव्या पायाखाली पितळेची पट्टी आहे ना? मी म्हटलं कसली पट्टी. पलीकडे जरा वेळ शांतता. मग म्हणाले, घडी घातलेली आहे बघ, तेलानं काळी झालेली. आता ती असेल कुठली, काका गेल्यावर मशीन रंगवलं होतं तेव्हा कचरा म्हणून कुणीतरी काढून टाकली होती. आणि मशीन सकाळी अर्धा तास रिकामं फिरवायचं असतं हेही तेव्हाच कळलं. मी विचारलं काका हे फाईलमध्ये का नाही सांगितलंत, तर म्हणाले, हे काय सांगायचं असतं का.

हे फक्त आमच्यासारख्यांचं होत नाही. अमेरिकेत अण्वस्त्रात वापरायचा एक पदार्थ होता, फॉगबँक असं त्याचं टोपणनाव, बनवणं ऐंशीच्या दशकाच्या शेवटी थांबवलं. पुढे पुन्हा लागला तेव्हा कागद होते, पैसा होता, नवा कारखाना बांधला आणि जमेना. बऱ्याच खटपटीनंतर कळलं की पूर्वी कच्च्या मालात एक अशुद्ध घटक यायचा आणि काम त्याच्यामुळेच व्हायचं. नव्या प्रक्रियेत माल जास्त शुद्ध होत होता. जुन्या लोकांनाही ते माहीत नव्हतं, म्हणजे लिहून घेणार तरी काय आणि कुणाकडून!

म्हणून म्हणतो, अकादमीत एक वर्कशॉप पाहिजे. जे जपायचं ते करत राहिलं पाहिजे.

पाठांतर_शत्रू
मेकॅनिक दादा, 'अर्थ कुणालाच माहीत नाही' या वाक्यावर थोडा आक्षेप आहे. हा वाद तुमच्या माझ्या फार आधीचा आहे. यास्काच्या निरुक्तात (वेदातल्या शब्दांचे अर्थ लावणारा प्राचीन ग्रंथ) कौत्स नावाच्या माणसाचं मत दिलंय की मंत्रांना अर्थच नाही. म्हणजे तेव्हाच पाठ पक्का आणि अर्थ धूसर अशी वेळ आली होती. यास्क त्याला उत्तर देतो की आंधळ्याला खांब दिसला नाही तर तो खांबाचा दोष नव्हे. आणि पुढे तिथेच असंही येतं की वेद पाठ केला पण अर्थ जाणला नाही तो नुसता ओझं वाहणारा खांब. दोन्ही बाजूंना खांबच, बघा.

पण मला हे महत्त्वाचं वाटतं की अर्थ हरवायला लागला तरी पाठ पक्का होता म्हणून पुढे कुणाला अर्थावर डोकं लावता आलं. तुमची पट्टी फेकली गेली. त्यांनी पट्टी कशाला आहे ते माहीत नसताना जागेवर ठेवली.

भंगार_मेकॅनिक
हे मान्य. पट्टीचं उदाहरण माझ्यावरच उलटलं.

जुनं_पान
वा. आणि कौत्साचं मत टिकलं कुणामुळे, तर त्याला खोडून काढणाऱ्या यास्कामुळे. शाईताई, अकादमीत विरोधकाचं म्हणणं नीट उतरवून ठेवायची पद्धत ठेवा, फार कामाला येते.

डॉक्टर_नाही_मी
(फार्मसीवाली आहे, म्हणून आयडी तसा.)

मला इथे स्कर्व्ही आठवला. लांबच्या समुद्रप्रवासात हिरड्या सुजायच्या, दात हलायचे, जुन्या जखमा पुन्हा उघडायच्या, माणसं मरायची. १७४७ मध्ये जेम्स लिंड या जहाजावरच्या सर्जननं बारा आजारी खलाशी घेतले, दोन-दोनाच्या सहा जोड्या, प्रत्येक जोडीला वेगळा उपाय. संत्री आणि लिंबू मिळालेली जोडी भराभर सुधारली. तरी ब्रिटिश नौदलानं लिंबाचा रस नियमानं द्यायला १७९५ उजाडलं. असो, दिला, आजार जवळपास संपला. म्हणजे ज्ञान मिळालं, जपलं, हुकूम निघाला, सगळं रीतसर.

आणि मग ते हरवलं! एकोणिसाव्या शतकाच्या मध्याला त्यांनी भूमध्यसागराकडच्या लिंबांऐवजी वेस्ट इंडीजमधली लहान हिरवी लिंबं घेतली. आपण मराठीत दोन्हीला लिंबूच म्हणतो आणि गंमत म्हणजे तेव्हाच्या इंग्रजीतही त्या दोन नावांचा असाच घोळ होता. त्या हिरव्या लिंबात क जीवनसत्त्व बरंच कमी, त्यात रस हवेत उघडा ठेवलेला, तांब्याच्या नळ्यांतून फिरवलेला, म्हणजे उरलंसुरलंही गेलं. पण कुणाच्या लक्षात आलं नाही, कारण तोवर वाफेची जहाजं आली होती आणि प्रवास इतका लहान झाला होता की स्कर्व्ही व्हायला वेळच मिळत नव्हता. औषध निकामी झालंय हे कळलं १८७५ च्या आर्क्टिक मोहिमेत, माणसं रस पिऊनही आजारी पडली. त्यावरून लोकांनी काय काढलं? की लिंबाचा काही संबंधच नाही, खराब मांसामुळे होत असेल. सव्वाशे वर्षांपूर्वीचं बरोबर उत्तर खोटं ठरवून टाकलं. नंतर १९०७ मध्ये नॉर्वेत गिनिपिगवर प्रयोग करताना योगायोगानं गाडी रुळावर आली, योगायोग म्हणजे गिनिपिगच्या शरीरात माणसासारखंच क जीवनसत्त्व तयार होत नाही. उंदीर घेतले असते तर काही दिसलंच नसतं. तो पदार्थ नेमका कोणता हे पक्कं व्हायला १९३२.

सांगायचं हे की 'लिंबाचा रस द्या' हे वाक्य कुणी विसरलं नव्हतं. ते का, हे कुणालाच माहीत नव्हतं म्हणून सगळं बदललं तरी वाक्य तेच राहिलं.

निळी_शाई
बाप रे. हे वाचून आत्ता एक अख्खं प्रकरण सुचलं. अकादमीतून दर वर्षी साथीवरचा काढा बाहेर जातो, शब्द न शब्द जुन्या कृतीबरहुकूम, आणि मधल्या काळात त्या नावाची वनस्पतीच बदललीय.

ढगाळ_दुपार
हां हे आवडलं. आणि ती बदललीय हे कळतं त्या बोलणाऱ्या म्हातारीमुळे, तिनं मूळ वास सांगितलेला असतो. घे, फुकट देते.

दोनअधिकदोन
उशिरा आलो. मला मूळ शब्दावरच शंका आहे. कालातीत ज्ञान म्हणजे नक्की काय, आणि ते कोण ठरवतं? कारण अकादमी जे जपते ते चूक असेल तर? आणि ती जितकी कसून जपणार तितकी चूक जास्त टिकणार.

डॉक्टर_नाही_मी
टिकलीच ना. गेलन हा दुसऱ्या शतकातला ग्रीक वैद्य, त्याला माणसाची प्रेतं कापायला मिळाली नाहीत म्हणून माकडं, डुकरं कापून त्यानं शरीररचना लिहिली. खालच्या जबड्याची हाडं दोन म्हणाला. तेराशे वर्षं तेच शिकवलं. प्रोफेसर उंच खुर्चीत बसून गेलन वाचणार, खाली दुसरा माणूस प्रेत कापणार, आणि समोर जे दिसतंय ते पुस्तकाशी जुळत नाही हे कुणी बोलायचं नाही. १५४३ मध्ये व्हेसेलियस या शरीररचनेच्या अभ्यासकानं छापून सांगितलं की हाड एकच आहे. त्याचे एकेकाळचे गुरू सिल्व्हियस यांचं यावर उत्तर काय, तर गेलन चुकलेला नाही, त्याच्यानंतर माणसाचं शरीरच बदललं असेल!

टवाळ_कार्टं
'आमच्या मशीनवर तर व्यवस्थित चालतंय', सिल्व्हियस.

दोनअधिकदोन
अगदी. आता ढगाळ_दुपार यांच्या किल्ल्यांबद्दल, त्या आवडणाऱ्यांसाठी एक खरी गोष्ट. किलोग्रॅम म्हणजे किती, याचं उत्तर १८८९ पासून पॅरिसजवळ सेव्र इथे एका तिजोरीत ठेवलेलं होतं. प्लॅटिनम-इरिडियमचा एक छोटा दंडगोल, काचेच्या घंटांखाली, आणि तिजोरी उघडायला तीन किल्ल्या, तीन वेगळ्या लोकांकडे. इतका क्वचित बाहेर काढायचे की शंभर वर्षांत मोजून काही वेळा. म्हणजे अक्षरशः तुमचं तळघर, ताई.

त्याच्याच जुळ्या म्हणाव्यात अशा प्रती देशोदेशी दिलेल्या. पुढे सगळ्यांची एकमेकांशी तुलना केली तर सरासरी पन्नास मायक्रोग्रॅमचा फरक पडलेला. बोटाच्या ठशाएवढा म्हणतात. आता गंमत अशी की चुकलं कोण हे सांगताच येत नाही. व्याख्येनं तिजोरीतला दंडगोल म्हणजेच एक किलो, त्याचं वजन घटलं तरी तो एकच किलो, मग बाकीचं सगळं विश्व तेवढं जड झालं म्हणायचं. सिल्व्हियस बरोबर ठरला बघा.

शेवटी २० मे २०१९ पासून ती व्याख्याच बदलली. आता किलोग्रॅम प्लांकच्या स्थिरांकावरून (निसर्गातला कुठेही न बदलणारा एक आकडा) ठरतो, तो आकडा कायमचा पक्का केला, आणि ज्याच्याकडे उपकरण आहे त्यानं आपापल्या प्रयोगशाळेत किलो काढून बघावा. किल्ली कुणाकडेच नाही. मला तर कालातीतच्या जवळ जाणारं हेच वाटतं, जे कुठेही पुन्हा करून बघता येतं ते.

ढगाळ_दुपार
तीन किल्ल्या खऱ्या होत्या! मी जिंकले, पुढचं काही वाचणार नाही.

पाठांतर_शत्रू
पण दोनअधिकदोन, सगळंच थोडी स्थिरांकात बसतं. मेकॅनिक दादांची पट्टी कुठल्या स्थिरांकावरून काढणार? कविता? रागाची बढत? ती पुन्हा 'काढून' बघता येत नाही, एकदा साखळी तुटली की गेली.

दोनअधिकदोन
बरोबर. माझ्याकडे उत्तर नाही. गणितवाल्याला हा त्रास कमी, एवढंच म्हणतो.

भंगार_मेकॅनिक
जपानमध्ये इसेचं देऊळ आहे ना, दर वीस वर्षांनी शेजारच्या मोकळ्या जागेवर सगळं नव्यानं बांधतात आणि जुनं उतरवतात. २०१३ ला बासष्टाव्यांदा बांधलं. म्हणजे लाकूड नवं, देऊळ जुनं. वीस वर्षांचा हिशोब असा की विशीतला पोरगा पहिल्यांदा हाताखाली असतो, चाळिशीत स्वतः काम करतो, साठीत उभा राहून शिव्या घालतो. हे अखंड चाललं असंही नाही, मध्ये युद्धांच्या काळात एकशेवीस वर्षांहून जास्त खंड पडला होता, तरी पुन्हा उभं केलं. मला वाटतं तिथे तुमच्या दोघांचंही थोडं थोडं आहे.

ताई, तुमची अकादमी नऊशे वर्षं जुनी इमारत असूच नये. इमारत एकोणीस वर्षांचीच असावी.

निळी_शाई
सगळ्यांना दंडवत. चार दिवस लॉगिन केलं नाही कारण लिहीत होते. पहिली पाच प्रकरणं बाजूला ठेवलीत (काढली नाहीत, जुनं_पान रागावतील). किल्ल्या तीन ठेवल्यात ढगाळ_दुपारसाठी, पण तिजोरी उघडल्यावर आत काय आहे ते आता वेगळं आहे, सांगत नाही. इमारत एकोणीस वर्षांची केली आणि अचानक सगळ्यांना काम मिळालं, पुढच्या वर्षी पाडायचीय ना, त्यामुळे सुतारांची भांडणं, लाकूड कुठून आणायचं, जुन्या दारावरची खूण चूक होती की मुद्दाम होती, शंभर पानं तिथेच गेली.

नायिका पहिल्या दिवशी आत येते तो भाग वहीत लिहिलाय, त्यातला तुकडा इथे टाइप करून टाकते. कसा वाटतो सांगा.

*दिवा लावायच्या आधी तिला सात नेम पाठ करायचे होते. आक्का एकेक म्हणत गेली आणि ती मागून म्हणत गेली.*
*जे कळलं नाही ते तसंच उतरावं, सोपं करू नये.*
*जे खोटं ठरलं ते पुसू नये, शेजारी कारण लिहावं.*
*कृती सांगण्याआधी ती कशासाठी ते सांगावं.*
*जे शब्दांत मावत नाही ते हातानं शिकवावं, आणि शिकणाऱ्याला चुकायची मुभा द्यावी.*
*किल्ली एका मुठीत राहू नये.*
*आपण बांधलेलं आपल्या डोळ्यांसमोर उतरवलं जाईल, त्या दिवशी रडू नये.*
*आक्का थांबली. 'सातही झाले,' ती म्हणाली. 'आता उलटे म्हण.'*

ढगाळ_दुपार
शेवटच्या नेमावर माझा घसा दाटून आला. कफनी दिसली नाही पण जाऊ दे.

भंगार_मेकॅनिक
चुकायची मुभा. काकांना वाचून दाखवणार आहे.

जुनं_पान
सुंदर. फक्त एक. सात म्हणालात, मी तीनदा मोजले, सहाच भरतात.

निळी_शाई
नाही हो, सात आहेत. थांबा वही बघते.

निळी_शाई
वहीत सात आहेत. चौथ्यानंतरचा टाइप करताना राहिला. चौथा 'द्यावी'नं संपतो आणि पाचवाही 'द्यावी'नंच संपतो.

टवाळ_कार्टं
हाहाहाहा. राहिलेला नेम काय होता ते तरी सांगा.

निळी_शाई
'आपली नक्कल आपण तपासू नये, दुसऱ्याला तपासायला द्यावी.'

एडिट करून घालते आत्ता.

जुनं_पान
पुसू नका. शेजारी कारण लिहा.